लुई ल्युमिएर आणि ला सिओताचा किनारा

चरित्रलेखासाठी यंदा आम्ही निवडलेला पुरुष आपल्या ज्ञातीतला नाही, आपल्या प्रांतातला नाही आणि आपल्या देशातलाही नाही. फ्रान्समधील लियों शहरी छायाचित्रणाच्या काचा तयार करून विकणारे ते एक कारखानदार होते. अशा परक्या गृहस्थास स्मरणिकेत जागा कशासाठी, असा प्रश्न आमच्या काही वडीलधाऱ्या वाचकांच्या मनात येणे साहजिक आहे. आमचे उत्तर असे, की घरच्या मंगलकार्याचे चलच्चित्र काढून ठेवण्याची जी हौस आज घरोघर दिसते, तिचा उगम शोधीत मागे मागे गेले असता वाट याच गृहस्थांच्या अंगणात येऊन थांबते. जगातील अगदी पहिल्या चलच्चित्रांपैकी जी त्यांनी स्वतः घेतली, त्यांत राजेरजवाडे नाहीत, लढाया नाहीत. त्यांत त्यांच्या कारखान्यातील कामकरी आहेत, भाऊ-भावजय आणि तान्ही पुतणी आहे, पत्ते खेळणारे वडील आहेत, आगगाडीच्या फलाटावर उभी असलेली आई आहे. आणि या सर्वांच्या पाठीमागे बरेचदा ला सिओता नावाच्या एका सुंदर समुद्रकाठच्या गावाची पार्श्वभूमी आहे. कुटुंबांसाठी निघणाऱ्या या ग्रंथात हे चरित्र अस्थानी ठरू नये, अशी आम्हांला आशा वाटते.

लुई ल्युमिएर यांचा जन्म ५ ऑक्टोबर १८६४ रोजी पूर्व फ्रान्समधील बेझांसों गावी झाला. त्यांचे थोरले बंधू ऑग्युस्त त्यांच्याहून दोन वर्षांनी मोठे. वडील आंत्वान हे मूळचे पाट्या रंगविणारे चित्रकार. पुढे त्यांनी छायाचित्रकाराचा धंदा पत्करला. १८७० साली प्रशियाशी युद्ध पेटले, तेव्हा सरहद्दीजवळचे बेझांसों सोडून हे कुटुंब लियोंला आले आणि तेथेच स्थिरावले. आंत्वान हा मोठा दिलदार, बोलघेवडा आणि खर्चिक मनुष्य. गाणे, चित्रे, मेजवान्या, मोठमोठी घरे बांधणे यांची त्यांना विलक्षण आवड. अशा पित्याच्या पोटी लुई यांच्यासारखा अबोल, हिशेबी आणि एकांतप्रिय मुलगा जन्माला यावा, हे एक नवलच. लहानपणी लुई यांस डोकेदुखीचा तीव्र विकार होता; त्यापायी शाळेत खंड पडे. तथापि ला मार्तिनिएर या औद्योगिक विद्यालयात दोघा भावांनी रसायन व यंत्रविद्या यांचे जे शिक्षण घेतले, ते जन्मभर पुरले.

त्या काळी छायाचित्र घेणे ही मोठी यातायात असे. काचेवर रसायनाचा लेप जागच्या जागी चढवावा, तो ओला आहे तोवरच चित्र घ्यावे आणि लगेच धुवावे, अशी जुनी रीत. पुढे कोरड्या काचा निघाल्या, त्या आधी तयार करून ठेवता येत. या काचांवरील लेप अधिक तीक्ष्ण कसा करता येईल, याचा ध्यास लुई यांनी घेतला आणि १८८१ च्या सुमारास, म्हणजे वयाच्या अवघ्या सतराव्या वर्षी, एक उत्तम कृती सिद्ध केली. आंत्वान यांनी तत्काळ लियोंच्या मोंप्लेझीर भागात कारखाना थाटला. कृती उत्तम असली तरी धंदा जमेना. लुई आणि त्यांची एक बहीण पहाटे पाचापासून रात्री अकरापर्यंत राबत. तरीही १८८२ साली दिवाळे वाजण्याची वेळ आली. लष्करातील नोकरी संपवून ऑग्युस्त परतले, तेव्हा दोघा भावांनी काचांवर लेप चढविण्याची यंत्रे स्वतः आखली आणि कारखाना सावरून धरला. निळी चिठी लावलेल्या या काचा पुढे देशोदेशी गेल्या. १८९४ च्या सुमारास मोंप्लेझीर येथे सुमारे ३०० माणसे कामास होती आणि वर्षाकाठी दीड कोट काचा तयार होत.

भावाभावांच्या या एकोप्याविषयी येथे चार शब्द लिहिल्यावाचून आमच्याने राहवत नाही. जो काही शोध लागेल तो दोघांच्या नावे, मग तो प्रत्यक्षात कोणाच्याही डोक्यातून निघालेला असो, असा त्यांचा करार होता आणि तो त्यांनी कित्येक वर्षे निष्ठेने पाळला. १८९३ साली दोघांची लग्ने झाली तीही दोघा सख्ख्या बहिणींशी. विंकलर नावाचे एक मद्यनिर्माते त्यांचे सासरे. त्यांची मार्गरीत ही मुलगी ऑग्युस्त यांस आणि रोज ही लुई यांस दिली होती. आपल्याकडे जाऊबाई आणि बहीण ही दोन नाती एकाच ठिकाणी आली म्हणजे घर टिकते असे म्हणतात, आणि घर मोडते असेही म्हणतात. ल्युमिएरांचे टिकले.

१८९४ साली आंत्वान यांनी पॅरिसमध्ये अमेरिकेच्या एडिसन यांचे किनेटोस्कोप हे यंत्र पाहिले. पेटीला डोळा लावावा आणि आतली हलती चित्रे एकट्याने पाहावीत, अशी ती योजना. हीच चित्रे पेटीबाहेर काढून भिंतीवर, सर्वांना एकदम दिसतील अशी पाडता आली तर, असा विचार मनात घेऊन ते लियोंला परतले आणि तो त्यांनी मुलांच्या गळी उतरविला. आरंभी ऑग्युस्त यांनी प्रयत्न केले. खरी अडचण अशी होती, की फीत अखंड सरकत राहिली तर चित्र फिसकटते. ती क्षणभर स्थिर राहावयास हवी आणि क्षणात पुढे सरकावयास हवी, तेही न फाटता. १८९४ च्या अखेरीस एका रात्री लुई आजारी होते, झोप येत नव्हती. त्या जागरणात त्यांस तोडगा सुचला. शिवणयंत्रात टाका पडताना कापड थांबते आणि सुई वर उठताच कापड पुढे सरकते, तेच तत्त्व फितीला लावावयाचे. फितीच्या कडांना भोके असावीत. दोन नख्या त्यांत शिराव्यात, फीत एक चित्रापुरती खाली ओढाव्यात, बाहेर निघाव्यात आणि पुन्हा वर जाव्यात. एका रात्रीत आपल्या भावाने सिनेमॅटोग्राफ शोधून काढला, अशी ग्वाही खुद्द ऑग्युस्त यांनी पुढे दिलेली आहे. पेटंट मात्र ठरल्याप्रमाणे १३ फेब्रुवारी १८९५ रोजी दोघांच्या नावे झाले.

येथे एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. चलच्चित्रांचा शोध एकट्या ल्युमिएरांचा, असे म्हणणे न्यायाचे होणार नाही. लुई ल प्रँस यांनी इंग्लंडातील लीड्स येथे १८८८ सालीच काही हलती चित्रे घेतली होती. बर्लिनमध्ये स्क्लादानोव्स्की बंधूंनी पॅरिसच्या आधी जवळजवळ दोन महिने पैसे घेऊन खेळ दाखविले. आणि सिनेमॅटोग्राफ हे नावदेखील लेओं बूली या दुसऱ्याच एका फ्रेंच गृहस्थाने आधी योजिलेले होते. ल्युमिएरांचे यश आहे ते यंत्राच्या सुटसुटीतपणात. म्वासों या त्यांच्या कारागिराने पहिला नमुना घडविला आणि पॅरिसच्या कार्पांतिये यांच्या कारखान्यात पुढील यंत्रे तयार झाली. एडिसन यांचा कॅमेरा जागचा हलवता येत नसे, त्यास वीज लागे. ल्युमिएरांची लाकडी पेटी पाच-सहा किलोची, हाताने मूठ फिरवून चालणारी. तीच पेटी चित्र घेई, तीच फितीची प्रत छापी आणि मागे दिवा ठेवला की तीच चित्र पडद्यावर पाडी. दिव्याच्या उष्णतेने फीत पेटू नये, म्हणून मध्ये पाण्याने भरलेला काचेचा गोल चंबू ठेवीत. तोच भिंगाचेही काम करी. सेकंदाला १६ चित्रे, फितीची लांबी सुमारे १७ मीटर. म्हणजे एकेक चित्रपट जेमतेम ५० सेकंदांचा.

१९ मार्च १८९५ रोजी लुई यांनी ही पेटी आपल्याच कारखान्याच्या फाटकासमोर मांडली. फाटक उघडले, मोठमोठ्या टोप्या घातलेल्या बाया, आंगरखे घातलेले पुरुष, सायकलवाले आणि एक कुत्रा असा सारा लोंढा बाहेर पडला. २२ मार्च रोजी पॅरिसच्या एका विद्वत्सभेपुढे हे चित्र दाखविण्यात आले. लुई तेथे मुख्यतः छायाचित्रणातील रंगांवर आपले संशोधन मांडावयास गेले होते. परंतु श्रोत्यांची नजर खिळली ती कामकऱ्यांच्या लोंढ्यावर. जून महिन्यात लियोंच्या छायाचित्रकार परिषदेतील सभासद बोटीतून उतरत असता त्यांनी त्यांचे चित्र घेतले व दुसऱ्याच दिवशी त्या मंडळींना त्यांचेच रूप पडद्यावर दाखविले. वृत्तचित्राचा आरंभ येथूनच मानावयास हरकत नाही.

आणि मग उन्हाळ्यात सारे कुटुंब, पेटीसह, ला सिओतास गेले.

मार्सेय आणि तूलों या दोन मोठ्या बंदरांच्या मधोमध भूमध्य समुद्राच्या एका निवाऱ्याच्या उपसागरात हे गाव वसले आहे. एका बाजूस समुद्रात घुसलेला, गरुडाच्या चोचीसारखा दिसणारा तांबूस खडक. त्याच्या आडोशाला जुने बंदर, बंदराभोवती फिकट रंगांची उंच घरे. शेजारी आगबोटी बांधण्याची मोठी गोदी. पूर्वेकडील देशांशी वाहतूक करणाऱ्या मेसाजरी मारितीम कंपनीच्या कितीतरी बोटी येथेच पाण्यात उतरल्या. दुसऱ्या बाजूस वाळूचा लांब किनारा. आंत्वान यांनी या किनाऱ्यालगत विस्तीर्ण जमीन घेऊन एक टोलेजंग वाडा बांधला, खाजगी बागा केल्या, द्राक्षमळे लावले. त्यांच्या खर्चाचे हिशेब पाहता पाहता मुलांच्या कपाळावर आठ्या पडत. पण दर उन्हाळ्यात मुले, सुना, नातवंडे, व्याही, मित्र असा सारा गोतावळा येथे गोळा होई. कोकणातील आपल्या मूळ घरी मे महिन्यात जमणारी मंडळी ज्यांनी पाहिली आहेत, त्यांस या वाड्याचे वर्णन अधिक करून सांगण्याची गरज नाही.

लुई यांनी येथे घेतलेली चित्रे आज पाहावयास मिळतात आणि आम्ही ती पुन्हा पुन्हा पाहिली आहेत. एका चित्रात समुद्रात गेलेल्या अरुंद फळीवरून पोरे एकामागून एक पळत येतात, पाण्यात उड्या घेतात, लाटेतून धडपडत काठाशी येतात आणि पुन्हा फळी गाठतात. गोष्ट म्हणून त्यात काही नाही. पण लाट एकदा फुटली तशी पुन्हा फुटत नाही, हे डोळ्यांस प्रथमच जाणवते. दुसऱ्यात आंत्वान, त्यांचे व्याही विंकलर आणि जादूगार मित्र ट्रेवे बागेत मेज मांडून पत्ते खेळत आहेत. नोकर पेले घेऊन येतो आणि मालकांच्या डावावर मालकांहून अधिक हसतो. आणखी एकात गोदीतून नवी बोट पाण्यात उतरते आणि टोप्या घातलेल्या माणसांची गर्दी तिला निरोप देते. या चित्रांत कोणी नट नाही, रंगविलेला पडदा नाही. ऊन, वारा, पाणी आणि घरची माणसे एवढेच साहित्य. लुई हे कसलेले छायाचित्रकार होते. पेटी कोठे ठेवावी, ऊन कोणत्या अंगाने यावे, याचे त्यांचे ज्ञान अचूक होते. ही चित्रे सहज म्हणून घेतलेली दिसतात, पण त्या सहजपणामागे अनेक वर्षांचा सराव होता.

ला सिओताच्या आगगाडीचे चित्र तर जगप्रसिद्धच आहे. पेटी फलाटाच्या कडेशी ठेवलेली. दूरवर ठिपक्याएवढी दिसणारी गाडी पाहता पाहता वाढत जाते आणि तिरकी आपल्या अगदी शेजारून निघून जाते. मग दारे उघडतात, उतारू उतरतात, चढणारे धावतात. या गर्दीत लुई यांची आई आणि घरातील लहानमोठी मंडळी आहेत. हातात काठी घेतलेला एक खेडवळ तरुण पेटीसमोर येऊन क्षणभर घुटमळतो, काय करावे ते त्यास कळत नाही, आणि तो बाजूस होतो. हे चित्र प्रथम पाहताना प्रेक्षक घाबरून दाराकडे पळाले, अशी कथा पिढ्यान् पिढ्या सांगितली जाते. आम्हांलाही ती लहानपणी सांगण्यात आली होती. अभ्यासकांनी शोध घेतला असता तशा पळापळीचा विश्वसनीय पुरावा मिळत नाही. शिवाय हे चित्र पॅरिसच्या पहिल्या खेळात नव्हतेच. आज सर्वत्र दाखविली जाणारी प्रत तर १८९७ च्या सुमाराची आहे.

तो पहिला खेळ २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसमधील ग्रँ कॅफेच्या तळघरात झाला. व्यवस्था आंत्वान यांची होती. दोघे भाऊ त्या दिवशी हजर नव्हते. जागेच्या मालकास उत्पन्नाचा पाचवा हिस्सा देऊ केला असता, त्याने तो नाकारून दिवसाला ३० फ्रँक रोख भाडे पक्के केले. पहिल्या दिवशी एक फ्रँक दराची ३३ तिकिटे खपली, तेव्हा आपण शहाणपणा केला असे त्यास वाटले असेल. काही आठवड्यांतच दिवसाला दोन हजारांहून अधिक फ्रँक जमू लागले! त्या रात्री दहा चित्रे दाखविली गेली. आरंभी कारखान्याचे फाटक, आणि शेवटी ला सिओताचा समुद्र व त्यात उड्या घेणारी पोरे. प्रेक्षकांत मेलिएस हे जादूचे खेळ करणारे गृहस्थ होते. त्यांनी यंत्र विकत मागितले. आंत्वान यांनी नकार दिला आणि या खेळण्यास फार दिवस भवितव्य नाही, असे त्यांस बजावले, असे मेलिएस सांगत. मेलिएस यांनी दुसरे यंत्र मिळविले आणि कल्पनारम्य चित्रपटांची एक वेगळीच वाट पाडली.

त्याच खेळात ऑग्युस्त आणि मार्गरीत आपल्या तान्ह्या आंद्रेला चमच्याने भरवीत असल्याचे चित्र होते. पाहणारे बाळाकडे पाहून हसले. पण त्यांस अधिक नवल वाटले ते पाठीमागच्या झाडाची पाने हलत असल्याचे. रंगभूमीवरच्या पडद्यावरील झाड कधी हलत नसते.

आता आपल्या मुंबईचा संबंध येतो. ल्युमिएरांनी माणसे तयार करून पेट्यांसह पृथ्वीच्या चारी दिशांस पाठविली. त्यांपैकी मारियस सेस्तिए हे ऑस्ट्रेलियाच्या वाटेवर मुंबईस उतरले, आणि ७ जुलै १८९६ रोजी काळा घोडा भागातील वॉटसन हॉटेलात त्यांनी सहा चित्रे दाखविली. तिकीट एक रुपया. म्हणजे पॅरिसच्या पहिल्या खेळानंतर सहा-सात महिन्यांतच. पुढे नॉव्हेल्टी नाटकगृहात चार आण्यांपासून जागा ठेवून हे खेळ ऑगस्टपर्यंत चालले. पडदानशीन स्त्रियांसाठीही वेगळी सोय होती. त्या सहा चित्रांत समुद्रस्नानाचे चित्र होते. बाहेर आषाढाचा पाऊस कोसळत असता आणि अरबी समुद्र खवळलेला असता मुंबईकरांनी पडद्यावर भूमध्य समुद्राच्या लाटा पाहिल्या, ही कल्पना आम्हांला मोठी रम्य वाटते.

हे खेळ पाहून भारून गेलेल्यांत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा, हे छायाचित्रकार होते. त्यांनी विलायतेहून कॅमेरा मागविला, १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये दोन मल्लांच्या कुस्तीचे चित्र घेतले, आणि १९०१ च्या डिसेंबरात केंब्रिजहून सीनियर रँग्लर होऊन परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांच्या स्वागताचेही घेतले. हिंदुस्थानातील वृत्तचित्रांचा पाया तो हाच. खेद इतकाच, की त्या फितींपैकी काहीही आज पाहावयास मिळत नाही.

आणि याच संदर्भात एक विचार आमच्या मनास नेहमी चुटपुट लावतो. सेस्तिए मुंबई सोडून गेले आणि सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवी भागात प्लेगचे पहिले रोगी आढळले. पुढची काही वर्षे कशी गेली, हे जुन्या घरांतून अजून सांगितले जाते. आपल्या ज्ञातीतील किती कुटुंबांचा एकेक वंशवृक्ष त्या चार-दोन वर्षांत मध्येच तुटलेला दिसतो! त्या माणसांचे चलच्चित्र तर सोडाच, साधी तसबीरही बहुतेकांच्या घरी नाही. जेथे आहे, तेथे मागे नाव लिहिलेले नाही, आणि ओळखणारे डोळे आता मिटले आहेत. मांडवीतल्या किंवा गिरगावातल्या एखाद्या गल्लीत ती पेटी अवघे पन्नास सेकंद उभी राहिली असती, तर काय दिसले असते, याचा आम्ही कितीदा तरी विचार केला आहे.

लुई यांच्याकडे वळू. त्यांच्या माणसांनी देशोदेशी फिरून सुमारे चौदाशे चित्रे जमविली. त्यांपैकी प्रोमियो यांनी १८९६ च्या ऑक्टोबरात व्हेनिस येथे पेटी नावेत ठेवून मोठ्या कालव्याच्या काठचे वाडे टिपले. पेटी स्थिर आणि जग हलते, ही आजवरची रीत उलटली. नाव चालली, आणि काठचे वाडेच चालू लागले. असे काही करावे की नाही याविषयी साशंक असलेल्या प्रोमियो यांनी चित्र लियोंला पाठवून लुई यांचा अभिप्राय मागविला आणि लुई यांनी ते उचलून धरले. परंतु चित्रपट जसजसा नाटकासारखा रंगू लागला, नट, वेष, कथानके यांची मागणी वाढली, तसतसे लुई यांचे मन त्यातून उठले. तो आपला प्रांत नव्हे, हे त्यांनी ओळखले आणि १९०५ च्या सुमारास चित्रे काढणे बंद केले. हाती आलेली लक्ष्मी त्यांनी दूर लोटली, असे पुष्कळ जण म्हणतात. आम्हांला तसे वाटत नाही. ज्या कामात आपल्याला गती नाही, ते वेळीच दुसऱ्यांवर सोपविणे ही काही कमी प्रतीची बुद्धी नव्हे.

त्यांचा जीव जडला होता तो रंगांत. १९०३ साली पेटंट घेतलेल्या आणि १९०७ साली बाजारात आलेल्या त्यांच्या ऑटोक्रोम काचा हे छायाचित्रणातील एक आश्चर्यच. बटाट्याच्या पिठाचे अतिसूक्ष्म कण नारिंगी, हिरव्या आणि जांभळ्या रंगांत रंगवून, एकत्र मिसळून काचेवर पसरावयाचे आणि त्यांवर लेप चढवावयाचा. स्वयंपाकघरातील पिठातून इंद्रधनुष्य काढण्याचाच हा प्रकार. पहिल्या महायुद्धात हात गमावलेल्या सैनिकांसाठी त्यांनी चिमट्यासारखा कृत्रिम हात तयार केला. १९१९ साली फ्रान्सच्या विज्ञान अकादमीने त्यांस सभासद करून घेतले. ऑग्युस्त वैद्यकीय संशोधनाकडे वळले होते. त्यांच्या घरावर १९१८ साली मोठा घाव पडला. चमच्याने भरविलेली ती तान्ही आंद्रे चोवीस वर्षांची होऊन इन्फ्लुएन्झाच्या साथीत गेली. त्याच साथीने त्याच वर्षी आपल्याकडेही घरेच्या घरे ओस पाडली होती.

चरित्रकाराने डाग झाकू नयेत, म्हणून हेही नमूद करतो. दुसऱ्या महायुद्धात फ्रान्स पडल्यावर जर्मनांशी हातमिळवणी करणाऱ्या पेताँ सरकारची दोघा भावांनी बाजू घेतली. वृद्धपणाने म्हणा, अथवा सुस्थितीत जगलेल्या माणसांस सुव्यवस्थेचा जो अतिरिक्त मोह असतो त्याने म्हणा, त्यांस त्या राजवटीचे खरे रूप दिसले नाही, किंवा दिसले तरी त्यांनी डोळेझाक केली. पुढे १९९० नंतरच्या दशकात फ्रान्सच्या सरकारी बँकेने २०० फ्रँकांच्या नोटेवर ल्युमिएर बंधूंचे चित्र घालण्याचे योजिले होते. या कारणास्तव ओरड झाली, ते चित्र रद्द झाले आणि नोटेवर आयफेल यांस स्थान मिळाले.

सत्तरी गाठलेल्या लुई यांस ला सिओताची पुन्हा एकदा ओढ लागली होती. त्रिमितीत दिसणाऱ्या चित्रांचे प्रयोग ते करीत होते आणि त्यासाठी १९३५ च्या सुमारास त्यांनी निवडलेला विषय होता तोच: स्टेशनात शिरणारी आगगाडी. फलाटावरची जुनी माणसे आता नव्हती. वडील १९११ साली वारले होते; आईही गेली होती. उत्तरायुष्य त्यांनी त्याच किनाऱ्यावर, ला सिओताहून थोड्याच अंतरावरील बांदोल गावी काढले आणि तेथेच ६ जून १९४८ रोजी त्यांनी देह ठेवला. ऑग्युस्त त्यांच्यामागे सहा वर्षे जगले.

ला सिओतामधील एडन नावाच्या नाटकगृहात १८९९ सालापासून ही चित्रे तिकीट लावून दाखविली जात होती. मध्यंतरी बरीच वर्षे बंद असलेले ते पिवळे घर २०१३ साली दुरुस्त होऊन पुन्हा उघडले. लियोंत ज्या रस्त्यावर कामकऱ्यांचे चित्र घेतले, त्या रस्त्याला आता पहिल्या चित्रपटाचेच नाव आहे, आणि ल्युमिएरांच्या साऱ्या फिती युनेस्कोने २००५ साली जगाच्या स्मृतिठेव्यात नोंदविल्या आहेत.

त्या साऱ्यांत आमचे आवडते चित्र १८९५ सालचे. ला सिओताच्या बंदरातून तिघे जण एक छोटी नाव वल्हवीत बाहेर निघाले आहेत. उजव्या हातास धक्क्याच्या टोकावर घरच्या दोन स्त्रिया आणि पांढरे कपडे घातलेली मुले त्यांस निरोप देण्यास उभी आहेत. नाव धक्क्याचा आडोसा सोडते, समोरून मोठी लाट येते, नाव आडवी होते, वल्ही जोराने पडू लागतात, धक्क्यावरील मंडळी वाकून पाहू लागतात. आणि तेवढ्यात फीत संपते.